चाराचं झाड राहिलं, तर चारोळी राहील



दिवाळीला करंजीचं सारण करताना किंवा पाहुणे आले म्हणून खीर शिजवताना आपण वरून चारोळी टाकतो. टाकतो ती पण चिमूटभरच, कारण महाग असते. लातूर, उदगीर, देगलूर, नांदेड, कुठल्याही बाजारात जा, दुकानदार काजू-बदामाच्या शेजारी तिची लहानशी पुडी ठेवतो. पण ही चारोळी येते कुठून, असं गटाच्या बैठकीत विचारून बघा. बऱ्याच जणी एकमेकींकडं बघतील. चारोळीचं शेत कुणी बघितलेलं नसतं, कारण ती शेतात पिकत नाही. ती जंगलातल्या झाडाला लागते. आणि ते झाड लांब कुठं नाही, आपल्याच नांदेड जिल्ह्यात किनवट-माहूरच्या डोंगरात आहे.

किनवट-माहूरकडच्या मैत्रिणींना हे नवीन नाही. त्यांच्याकडं या झाडाला 'चार' म्हणतात. तेलंगणाच्या हद्दीवर तेलुगू बोलणाऱ्या बाया चारोळीला 'सारपप्पू' म्हणतात, हिंदीत 'चिरौंजी'. उन्हाळ्यात टोपली घेऊन चार वेचायला जाणं हे तिकडच्या कितीतरी घरांचं वर्षाचं काम आहे. मे महिन्यात हातात रोख पैसा येतो तो मोहापासून, तेंदूपानापासून आणि या चारापासून.

आता एक प्रश्न चार वेचणाऱ्या मैत्रिणींना. तुमच्या आईला चारासाठी जेवढं चालावं लागायचं, तेवढंच तुम्हाला चालावं लागतं, की जास्त? आणि डोंगरात मोठ्या झाडांखाली चाराची गुडघ्याएवढी, कमरेएवढी रोपं शेवटची कधी बघितली?

मध्य भारताच्या जंगलांत चाराचं झाड कमी होत चाललंय. ते का, आणि त्यात आपल्या हातात काय आहे, हे या लेखात बघू.

झाड ओळखा

ज्यांनी झाड बघितलं नाही त्यांच्यासाठी थोडं वर्णन. चार मध्यम उंचीचं झाड आहे. खोडाची साल काळपट आणि चौकोनी-चौकोनी भेगाळलेली, मगरीच्या पाठीसारखी. एवढ्या एका खुणेवरून सुद्धा झाड ओळखता येतं. पानं जाड, रुंद, चामड्यासारखी. हिवाळा सरता सरता पांढुरक्या-हिरवट बारीक फुलांचे तुरे येतात. एप्रिल-मेमध्ये फळं पिकतात. फळ लहान बोरापेक्षाही बारीक. कच्चं असताना हिरवं, पिकलं की काळं-जांभळं. वरचा गर आंबट-गोड, पोरं आवडीनं खातात. आत टणक कवचाचं बी, आणि त्या कवचाच्या आत आपली चारोळी.

आंबा, काजू, बिब्बा आणि चार ही सगळी एकाच कुळातली झाडं आहेत. म्हणजे चार हा आंब्याचा भाऊच म्हणा. चारोळीच्या दाण्यात निम्म्याच्या आसपास तेल असतं आणि प्रथिनंही चांगली असतात. म्हणून एवढासा दाणा पण तोंडात भरीव लागतो.

घाई कशाची?

झाड जंगलातलं, म्हणजे ते एकीचं नाही, सगळ्यांचं. इथंच अडचण सुरू होते. फळ पिकायला अजून पंधरा दिवस आहेत हे सगळ्यांना दिसतं. पण मनात येतं, 'मी थांबले आणि दुसरीनं तोडलं तर?' मग एक जण हिरवं असतानाच तोडते. तिला बघून दुसरी जाते. तिसरी म्हणते, आता राहिलंच काय, मी फांदीच खाली घेते. असं करता करता दर वर्षी तोडणी अलीकडं येते.

यात वाईट कुणीच नाही. घरात पैशाची गरज आहे आणि समोर फळ आहे. पण हिशोब मांडून बघितला तर तोटा सगळ्यांचाच होतो.

पहिला तोटा वजनाचा. कच्च्या फळातला दाणा भरलेला नसतो, सुकल्यावर सुरकुततो. तेल कमी, चव कमी, टिकतही नाही. व्यापारी बघताक्षणी ओळखतो आणि भाव पाडतो.

दुसरा तोटा झाडाचा. फांदी तोडली की पुढच्या वर्षीचा बहर गेला. दोन-चार वर्षं कोयता चालला की झाड बोडकं होतं.

तिसरा तोटा सगळ्यात मोठा आणि तो लगेच दिसत नाही. कच्चं बी उगवत नाही. पिकलेलं बी आपण एकूण एक वेचून नेतो. मग जमिनीत पडायला उरतं काय?

म्हातारी झाडं आहेत, लेकरं नाहीत

एखाद्या गावात नुसती म्हातारी माणसं उरली, पोरंबाळं दिसेनाशी झाली, तर त्या गावाचं पुढं काय होणार हे सांगायला लागत नाही. जंगलाचंही तसंच आहे. मोठी झाडं उभी दिसतात म्हणून आपल्याला वाटतं, सगळं ठीक आहे. पण खाली रोपं नसतील तर ते जंगल फक्त आहे तेवढी वर्षं काढतंय.

चाराचं रोप तयार होणं मुळातच अवघड. बियाचं कवच फार टणक असतं, कोंब सहज बाहेर येत नाही. शिवाय बी जास्त दिवस जिवंत राहत नाही. त्याच पावसाळ्यात रुजलं तर रुजलं, पुढच्या वर्षासाठी ठेवून चालत नाही. त्यातून जे थोडं उगवतं ते शेळ्या-गुरांच्या तोंडी जातं, नाहीतर वणव्यात जळतं.

वणव्याबद्दल मोकळेपणानं बोलायला पाहिजे. मार्च-एप्रिलमध्ये मोहाची फुलं वेचायला सोपं जावं म्हणून झाडाखालचा पाचोळा पेटवतात. तेंदूला नवीन पालवी फुटावी म्हणूनही आग लावली जाते. आग मोहाखाली लावलेली असते, पण वारा सुटला की ती मोहाखाली थांबत नाही. गेल्या पावसाळ्यात उगवलेली चाराची कोवळी रोपं त्यात जातात. मोठं झाड वाचतं म्हणून नुकसान झालं असं वाटतच नाही.

शेतांच्या मधलं बेट

लातूरच्या मैत्रिणी म्हणतील, हे सगळं किनवटचं झालं, आमचा काय संबंध? संबंध आहे. बघा कसा.

चाकूर तालुक्यात वडवळ नागनाथची टेकडी आहे. वनौषधींसाठी ती सगळ्या जिल्ह्यात प्रसिद्ध आहे. लोक तिला 'संजीवनी बेट' म्हणतात. खरं तर तिथं चहूबाजूंनी पाणी नाही, शेतं आहेत. तरी आपल्या जुन्या माणसांनी तिला बेट म्हटलं, आणि ते अगदी बरोबर म्हटलं. ज्या झाडाझुडपांना टेकडीवरच जगता येतं, त्यांच्यासाठी नांगरलेलं रान समुद्रासारखंच आहे. ते ओलांडून पलीकडं जाता येत नाही.

लातूर जिल्ह्यात आता जंगल एक टक्काही उरलेलं नाही. जे आहे ते असं बेटाबेटांनी आहे. नांदेडमध्ये किनवट-माहूरला मोठं जंगल आहे. पैनगंगेच्या काठचं अभयारण्य आहे, सहस्रकुंडापासून उनकेश्वरापर्यंत डोंगर आहेत. पण तिथंही जंगलाच्या मधे कापूस, सोयाबीन, रस्ते, वस्त्या आल्या आणि सलग जंगलाचे तुकडे झाले.

तुकडे झाले की काय होतं? चाराचं बी स्वतःहून लांब जात नाही. पक्षी, वानरं, अस्वलं फळ खातात आणि बी दुसरीकडं टाकतात. जंगल सलग असलं तर एका डोंगरावरचं बी दुसऱ्या डोंगरावर पोचतं. मधे चार-पाच किलोमीटर उघडं रान असलं तर अस्वल तिकडं जाणार नाही, बी पण जाणार नाही. मग एखाद्या तुकड्यातली झाडं संपली तर तिथं ती परत आपोआप येत नाहीत. बेटावरचा दिवा विझला तर शेजारून आणून लावायला शेजारच नसतो, तसं.

खऱ्या बेटावरच्या झाडाची गोष्ट

माहूरला दत्तशिखरावर जाणाऱ्यांनी एखाद्या साधूच्या हातातलं काळंभोर, होडीसारखं लांबट पात्र बघितलं असेल. दर्ग्यावरच्या फकिरांकडंही असतं. ते पात्र लाकडाचं वाटतं, पण असतं एका नारळाच्या करवंटीचं. त्याला आपल्याकडं दर्यायी नारळ म्हणतात.

हा नारळ साधा नाही. जगातलं सगळ्यात मोठं बी म्हणजे हाच. एकेक बी १५ किलोच्या पुढं जातं. पूर्वी तो मालदीवच्या किनाऱ्याला वाहत यायचा. झाड कुणी बघितलेलं नव्हतं, म्हणून लोकांना वाटायचं की त्याचं झाड समुद्राच्या तळाशी आहे. नावच पडलं दर्यायी. शेवटी १७६८ साली फ्रेंच लोकांना हिंदी महासागरातल्या सेशेल्स बेटांवर ते झाड सापडलं. सगळ्या जगात हे झाड आपोआप उगवतं ते फक्त दोन बेटांवर, प्रालँ आणि क्युरिअस.

दोनच बेटांवर का? पिकलेलं जिवंत बी इतकं जड असतं की पाण्यात बुडतं. जे तरंगत मालदीवला यायचं ते आतून सडून पोकळ झालेलं असायचं, ते रुजणार कसं? म्हणजे समुद्र मधे आहे म्हणून झाड अडकून राहिलं. आपल्या चाराच्या मधे सोयाबीन आहे, एवढाच फरक.

दर्यायी नारळात पपईसारखी नर झाडं वेगळी आणि मादी वेगळी. मादीला पहिलं फळ धरायला २५ वर्षं किंवा जास्तच लागतात. एक फळ पिकायला सहा-सात वर्षं. इतक्या सावकाश वाढणाऱ्या झाडाचं जंगल माणसांनी तोडलं, आगीत जळालं आणि बी चांगल्या पैशाला विकलं जातं म्हणून चोऱ्या झाल्या. आज हे झाड धोक्यात आलेल्या झाडांच्या जागतिक यादीत आहे.

तिथल्या लोकांनी काय केलं? प्रालँ बेटावर या झाडाचं एक रान राखून ठेवलं. जेमतेम साडेएकोणीस हेक्टर, म्हणजे आपल्या ४८ एकराचं रान. १९८३ साली ते जागतिक वारसा म्हणून नोंदवलं गेलं. नारळ विकायचा तर त्यावर सरकारी शिक्का आणि दाखला लागतो. आगीवर लक्ष ठेवतात, बी परत जमिनीत लावतात. म्हणजे विक्री बंद केली नाही. मोजून घ्यायचं, काही जमिनीसाठी ठेवायचं, असा नियम केला.

४८ एकर म्हणजे आपल्याकडच्या एखाद्या मोठ्या गायरानाएवढी जागा. तेवढ्या जागेत त्या झाडाचं एक रान राखलं गेलंय. आपल्याला तर चारासाठी त्यापेक्षा कितीतरी मोठं रान अजून शिल्लक आहे.

आपण काय करायचं?

१. तोडणीची तारीख गावानं ठरवावी. एकटीनं थांबून उपयोग नाही, सगळ्यांनी थांबायला हवं. हे काम गटाइतकं चांगलं दुसरं कोण करणार? एप्रिलच्या बैठकीत दोन-तीन जाणत्या बायांनी झाडं बघून यावं, फळ काळं व्हायला लागलं की तारीख जाहीर करावी. शेजारच्या गावातल्या गटांनाही बोलवा, नाहीतर आपण थांबायचं आणि त्यांनी तोडायचं असं होईल. ग्रामसभेत ठराव घेतला तर त्याला वजन येतं.

२. कोयता नको. पिकलेलं फळ काठीनं हलवलं तरी पडतं. खाली जुनी साडी किंवा ताडपत्री पसरा. वेचायचा वेळ वाचतो, माती-खडे लागत नाहीत.

३. वाटा सोडा. प्रत्येक झाडावर थोडी फळं राहू द्या. शेंड्याची फळं काढायला तशीही जिवावर बेततं. ती पाखरांची आणि अस्वलाची. तेच आपलं बी पेरणारे.

४. मोहाखाली झाडून घ्या, पेटवू नका. पाचोळा खराट्यानं बाजूला ओढला की फुलं स्वच्छ मिळतात. किंवा झाडाखाली जाळी, साडी बांधा. आग लावायची गरजच राहत नाही.

५. रोपं तयार करा. पूर्ण पिकलेली फळं घ्या, गर धुऊन काढा. बी एक दिवस पाण्यात भिजवा. कवचाला हलकेच तडा जाईल एवढंच ठोका, आतला दाणा फुटता कामा नये. लगेच लांब पिशवीत लावा, कारण मूळ सरळ खोल जातं. सगळी उगवणार नाहीत, म्हणून जास्तच लावा. चाराला पाणी साचणारी काळी जमीन मानवत नाही. मुरमाड, उताराची, पाण्याचा निचरा होणारी जागा निवडा. लातूरच्या गटांनी गावच्या टेकडीवर, माळावर चार रोपं लावून बघायला हरकत नाही.

६. बी विकू नका, दाणा विका. पद्धत जुनीच आहे. फळं रात्रभर भिजवायची, गोणपाटावर चोळून साल-गर काढायचा, बी धुऊन कडक उन्हात वाळवायचं. मग जात्यावर भरडायचं, दोन दगडांमधे अंतर इतकंच की कवच फुटावं आणि दाणा आख्खा राहावा. शेवटी सुपानं पाखडायचं. हे काम आपल्या हातातलं आहे, ते व्यापाऱ्याला कशाला द्यायचं?

एकदा हा हिशोब गटात करून बघाच. एक किलो वाळलेलं बी मोजून घ्या. फोडा, पाखडा, निघालेला दाणा मोजा. बियाचा गावातला भाव आणि दाण्याचा बाजारातला भाव लिहा, दोन दिवसांची मजुरी धरा. कागदावर आकडे आले की भाषण द्यावं लागत नाही.

कायदा काय सांगतो?

२००६ च्या वन हक्क कायद्यानं पिढ्यान्‌पिढ्या जंगलावर जगणाऱ्या लोकांना गौण वनोपज गोळा करायचा, वापरायचा आणि विकायचा हक्क दिला आहे. चार हे गौण वनोपज आहे. याच कायद्यानं जंगल राखायचा अधिकारही ग्रामसभेला दिला आहे. तुमच्या गावाला सामूहिक वन हक्क मिळालाय का, दावा कुठं अडकलाय, हे ग्रामसभेत विचारा. बायांनी विचारलं तर उत्तर द्यावंच लागतं.

गौण वनोपजाला आधारभूत किमतीची केंद्राची योजना २०१३-१४ पासून आहे आणि चारोळीचं बी पहिल्यापासून त्या यादीत आहे. २०२० साली त्याचा दर किलोला १२६ रुपये ठरला होता. सध्याचा दर किती आणि खरेदी कुठं, याची चौकशी किनवटच्या एकात्मिक आदिवासी विकास प्रकल्प कार्यालयात करा. २०१८ पासून वन धन केंद्रांची योजना आहे. त्यात साधारण १५ गट मिळून ३०० सभासदांचं एक केंद्र होतं, प्रक्रियेची साधनं आणि प्रशिक्षण मिळतं. आपल्या राज्यात हे काम शबरी आदिवासी वित्त व विकास महामंडळ बघतं.

आणखी एक. जैवविविधता कायद्याप्रमाणं प्रत्येक ग्रामपंचायतीत जैवविविधता समिती आणि लोक जैवविविधता नोंदवही असते. तुमच्या गावच्या वहीत चाराच्या झाडांची नोंद आहे का, बघा. नसेल तर झाडं मोजून नोंद करून घ्या. नोंदच नसलेलं झाड उद्या रस्त्यासाठी गेलं तर गेलं हेसुद्धा कुणाला कळणार नाही.

पुढच्या बैठकीसाठी

वसुली झाली, सह्या झाल्या की दहा मिनिटं काढा आणि हे तीन प्रश्न घ्या.

किनवट-माहूरच्या गटांनी: यंदा चार तोडायची तारीख कोण ठरवणार? आपल्या शिवारात चाराची किती मोठी झाडं आणि किती रोपं आहेत?

लातूर आणि बाकी नांदेडच्या गटांनी: दिवाळीच्या फराळासाठी आपण सगळ्या मिळून किती चारोळी घेतो? ती दुकानातून न घेता किनवटच्या बहिणींच्या गटाकडून थेट घेता येईल का?

आणि सगळ्यांनी: आपल्या गावात असं कुठलं झाड आहे, ज्याची म्हातारी झाडं दिसतात पण लेकरं दिसत नाहीत?

तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर आम्हाला जरूर कळवा. झाडाचं नाव, गाव आणि किती झाडं उरलीत एवढं लिहिलं तरी पुरे. पुढच्या अंकांत एकेका झाडाबद्दल लिहू.